कृष्णेच्या माशांची नावे कुणाची?

इतिहास फक्त गडकोटांचा आणि गाद्यांचा नसतो. सातारा-सांगलीच्या नदीकाठाला माशांचाही इतिहास आहे, आणि त्यातही जातीने आपले काम चोख केले आहे.

बाराव्या शतकात चालुक्य राजा सोमेश्वराच्या 'मानसोल्लास' या संस्कृत ग्रंथात मासे आले, ते राजाच्या करमणुकीचा विषय म्हणून. पुढे 1824 पासून कंपनी सरकारचा अधिकारी कर्नल सायक्स याने दख्खनची पाहणी केली. 1839 साली त्याने केलेली इथल्या माशांची वर्णने लंडनच्या झूलॉजिकल सोसायटीकडून प्रसिद्ध झाली. खुद्री, कोलस, सांडखोल, सिंघाला ही त्याने नोंदवलेली नावे आजही शास्त्रात चालतात. ही नावे लॅटिन नाहीत, इथल्या बोलीतली आहेत. जाळे टाकणाऱ्या भोई-कोळ्यांनी मासा ओळखला होता, म्हणूनच त्याला नाव होते. शास्त्राच्या रिवाजाप्रमाणे त्या नावांपुढे सायक्स लागतो. भोई-कोळी कुठेच नाही. दोष एकट्या इंग्रजाचा नाही. इथे ज्यांच्या हाती लेखणी होती, त्यांना हे ज्ञान लिहिण्याजोगे वाटलेच नाही.

आज तेच मासे संकटात आहेत. नाकावर टेंगूळ असलेला नुक्ता फक्त कृष्णेच्या खोऱ्यातला. तो धोक्यात आलेल्या प्रजातींच्या जागतिक यादीत आहे. सांडखोलही त्याच यादीत. खुद्री म्हणजे महासीर पावसाळ्यात अंडी घालायला प्रवाहाच्या उलट वर चढतो; धरणाची भिंत त्याची वाट अडवते. कोयनेचे पाणी तर वीजनिर्मितीसाठी घाट उतरवून पश्चिमेला नेले. खाली सांगलीजवळ नदीत मेलेल्या माशांचा खच पडल्याच्या बातम्या पुन्हा पुन्हा येतात.

यावर उपाय म्हणून मत्स्यबीज सोडले जाते. पण कोणते? रोहू, कटला, मृगळ हे गंगेच्या खोऱ्यातले मासे. चिलापी तर आफ्रिकेतला. भारतातला मासा म्हणजे कृष्णेतला मासा नव्हे. पोट भरण्यासाठी तळ्यात रोहू वाढवायला आमची हरकत नाही. पण त्याला देशी माशांचे संवर्धन म्हणू नका.

कुणी विचारेल, बाबासाहेब तर धरणांच्या बाजूचे होते. होतेच. 1942 ते 1946 या काळात व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूरमंत्री असताना दामोदर आणि महानदीच्या योजनांना त्यांनी दिशा दिली. पूर, उपासमार आणि अंधार यांचा मार गरिबाला आधी बसतो, हे त्यांना ठाऊक होते. पण त्यांचा आग्रह लक्षात घ्या: नदीचे खोरे तुकड्यांत न पाहता एक म्हणून पाहा. तोच न्याय माशाला लावला तर वरच्या धरणातून किती पाणी सुटते आणि खालच्या कारखान्यातून काय सुटते, याचा हिशेब एकाच कागदावर मांडावा लागेल. महाडला आपण पाण्याचा हक्क मागितला. ते पाणी जिवंत असावे, हा त्याच हक्काचा पुढचा भाग आहे.

कायदा हाताशी आहे. 2002 च्या जैवविविधता कायद्याने आणि त्याखालच्या नियमांनी प्रत्येक स्थानिक संस्थेत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकांच्या ज्ञानाची नोंदवही सक्तीची केली. 2004 च्या नियमांनी या समितीत एक तृतीयांश महिला आणि 18 टक्के अनुसूचित जाती-जमातींचे सदस्य ठेवायला सांगितले होते. भोई समाज भटक्या जमातींत मोडतो, म्हणजे या 18 टक्क्यांत त्याची जागा आपोआप येत नव्हती. नदी ज्याला सर्वांत जास्त कळते, तोच बाहेर!

म्हणून वाई, कऱ्हाड, हरिपूर, औदुंबर, नदीकाठचे गाव कोणतेही असो, आपल्या कार्यकर्त्यांनी ग्रामपंचायतीत किंवा नगरपालिकेत जाऊन ती नोंदवही पाहायला मागावी. त्यात माशांची पाने आहेत का, हे तपासावे. नसतील तर भोई-कोळी वस्तीत बसून ती लिहावीत, आणि सांगणाऱ्याचे नाव त्याच्या संमतीने माशाच्या नावापुढे टाकावे. 1839 साली जे राहिले, ते आता आपल्या हाताने लिहू.

जय भीम!