सांद्रा सांचेझ : उशिरा आलेली विश्वविजेती

कराटेच्या जागतिक स्पर्धा 1970 साली टोकियोत सुरू झाल्या तेव्हा त्यांत स्त्रियांना जागा नव्हती. ती मिळायला दहा वर्षं जावी लागली. 1980 साली स्पेनची राजधानी माद्रिद इथे पाचवी जागतिक स्पर्धा भरली आणि तिथे स्त्रियांसाठी 'काता' हा प्रकार प्रथमच घेतला गेला. जपानची सुझुको ओकामुरा पहिली विजेती ठरली. पुढच्याच वर्षी, 16 सप्टेंबर 1981 रोजी, त्याच स्पेनमध्ये तालावेरा दे ला रेइना या गावी सांद्रा सांचेझचा जन्म झाला. तोलेदो प्रांतातलं हे गाव रंगीत नक्षीच्या मातीच्या भांड्यांसाठी प्रसिद्ध आहे. माद्रिदमध्ये स्त्रियांसाठी उघडलेल्या त्या वाटेने ही मुलगी पुढे फार लांब गेली. पण मधल्या काळात ती वाट तिच्यासाठी जवळजवळ बंदच झाली होती. आम्हांला तिच्याबद्दल लिहावंसं वाटलं ते त्यामुळेच.

व्यायामाचं वेड आपल्या बडोद्याला नवं नाही. जुम्मादादा व्यायाम मंदिर आणि प्रो. माणिकराव ही नावं इथल्या जुन्या मराठी घरांत आजही आदराने घेतली जातात. आता त्याच घरांतल्या नाती-पणत्या पांढरा गणवेश घालून, कमरेला रंगीत पट्टा बांधून कराटेच्या वर्गाला जातात. मुलगी नक्की काय शिकते, असं आजीला विचारलं तर उत्तर बहुधा एकच असतं, "मारामारी!" ते अर्धंच खरं आहे. कराटेत दोघी समोरासमोर लढतात त्याला 'कुमिते' म्हणतात. 'काता'त समोर कोणीच नसतं. खेळाडू एकटीच मैदानात उतरते आणि ठरलेल्या क्रमाने ठोसे, लाथा, अडवणुका, वळणं करत जाते. चारी बाजूंनी हल्ला होतो आहे असं मनात धरायचं, आणि ते पाहणाऱ्यालाही दिसलं पाहिजे.

मल्लखांब पाहिलेल्यांना हे समजायला जड जाऊ नये. तिथेही प्रतिस्पर्धी अंगावर येत नाही, गुण परीक्षक देतात, आणि पकड जराशी चुकली तरी जाणत्याच्या नजरेतून सुटत नाही. फरक एवढाच की कातात मनाने रचायला फारसा वाव नाही. जागतिक महासंघाच्या यादीत जे काता आहेत त्यांतलाच एक निवडायचा आणि तो परंपरेने आला तसाच करायचा. बंदिश तीच, गाणारी वेगळी. मग वेगळेपण दिसायचं कशात? श्वासात, थांबण्यात, वळण घेतल्यावर पाय जमिनीला किती घट्ट लागतो त्यात.

सांद्रा चार वर्षांची असताना कराटे शिकू लागली. घरच्यांच्या मनात तिने नाच शिकावा असं होतं. भाऊ कराटेला जात होता म्हणून तिनेही तोच हट्ट धरला. शितो-र्यू ही तिची शैली. मोठी झाल्यावर क्रीडाशास्त्राचं शिक्षण घेण्यासाठी ती माद्रिदला गेली, आणि वरच्या पातळीवरची तयारी सुरू असतानाच आईला कर्करोग झाल्याचं कळलं. तिने सराव बाजूला ठेवला आणि ती आईजवळ राहिली. तिथून राष्ट्रीय संघाची वाट सुटली ती बरीच वर्षं. मधल्या काळात इंग्रजी शिकण्यासाठी ती ऑस्ट्रेलियात गेली, तिथेही कराटे चालू ठेवलं; पण मोठ्या स्पर्धांच्या यादीत तिचं नाव नव्हतं. स्पेनला परतल्यावर हेसुस देल मोराल या प्रशिक्षकाकडे तिने नव्याने सुरुवात केली. पुढे दोघांचं लग्न झालं.

आपल्या घरांतही हे किती वेळा घडलेलं आहे. आजारपण आलं की आधी मुलीचा किंवा सुनेचा वर्ग सुटतो. मग "आता कुठे पुन्हा" म्हणून तो सुटलेलाच राहतो. त्यात कुणाचा दुष्टावा असतो असं आम्ही म्हणणार नाही. घर चालवायचं तर कुणीतरी थांबावं लागतं. सांद्रालाही वय झालं हे ऐकावं लागलंच. आम्हांला नवल वाटतं ते तिच्या परतण्याच्या वेळेचं. राष्ट्रीय संघात तिने पाय रोवला तेव्हा तिशी ओलांडून गेली होती. 2015 साली इस्तंबूलला ती युरोपची विजेती झाली तेव्हा ती 33 वर्षांची होती. या वयात बहुतेक खेळाडू पुढे काय करायचं याच्या विचारात असतात.

त्यानंतर युरोपीय स्पर्धेत तिला कुणी हरवलं नाही. 2016, 2017, 2018, 2019 अशी दर वर्षीची युरोपीय स्पर्धा तिनेच जिंकली. 2020 साली महामारीमुळे ती भरली नाही. 2021 आणि 2022 साली पुन्हा तीच. सलग सात विजेतेपदं! पण काताचं खरं मोजमाप जपानशी होतं. 2016च्या जागतिक स्पर्धेत, ऑस्ट्रियातल्या लिंझ इथे, तिला कांस्यपदकावर थांबावं लागलं. सुवर्ण जपानच्या कियोउ शिमिझूने नेलं. ओसाकाची ही मुलगी सांद्राहून बारा वर्षांनी लहान, आणि 2014 सालचं जागतिक विजेतेपदही तिचंच. पुढची पाच वर्षं स्त्रियांच्या काताचा इतिहास म्हणजे मुख्यतः या दोघींचा इतिहास आहे. 2018 साली जागतिक स्पर्धा माद्रिदला आली, आणि अंतिम फेरीत सांद्राने शिमिझूला हरवलं. जिथे 1980 साली स्त्रियांना प्रथम प्रवेश मिळाला त्याच शहरात.

2019पासून काताची गुणपद्धत बदलली. पूर्वी परीक्षक लाल किंवा निळं निशाण वर करून कौल देत. तेव्हा सात परीक्षक आकड्यांत गुण देऊ लागले. त्यांतले सर्वांत वरचे दोन आणि सर्वांत खालचे दोन काढून टाकायचे आणि उरलेल्या तिघांचे धरायचे. एकूण गुणांत तेव्हा तंत्राचा वाटा 70 टक्के होता, ताकद, वेग आणि तोल यांचा 30 टक्के. हे थोडं रुक्ष वाटेल, पण सांद्राची कारकीर्द समजून घ्यायची तर या आकड्यांकडे पाहावं लागतं. वेग वयाबरोबर कमी होतो. पावलाची मांडणी, श्वासाचा मेळ, नेमक्या क्षणी शरीराला दिलेला झटका आणि लगेच आलेली स्थिरता या गोष्टी मात्र रियाजाने मुरत जातात. अर्थात केवळ मुरलेपणावर कुणी जिंकत नाही. तिच्या हालचालींतली चपळाई पाहिली तर तिने उरलेले 30 टक्केही सोडले नव्हते हे लगेच कळतं.

ऑगस्ट 2016मध्ये टोकियो ऑलिम्पिकसाठी कराटेचा समावेश जाहीर झाला. कराटे करणाऱ्यांनी याची कित्येक दशकं वाट पाहिली होती. पण 2019च्या फेब्रुवारीत पॅरिसच्या आयोजकांनी आपल्याला हवे असलेले नवे खेळ जाहीर केले, त्यांत कराटे नव्हतं. म्हणजे टोकियोची स्पर्धा होण्याआधीच सगळ्यांना कळून चुकलं की संधी एकदाच येणार. मग महामारी आली आणि ऑलिम्पिक वर्षभर पुढे गेलं. विशीतल्या मुलीला एक वर्ष म्हणजे थोडी जास्त तयारी. सांद्रा तेव्हा 38 वर्षांची होती.

5 ऑगस्ट 2021. टोकियोचं निप्पॉन बुदोकान. 1964च्या ऑलिम्पिकमधल्या जुदोसाठी हे सभागृह बांधलं गेलं, आणि तिथेच तेव्हा हॉलंडच्या अँटन गेसिंकने खुल्या गटात जपानच्या अकिओ कामिनागाला हरवून सगळ्या जपानला चटका लावला होता. या वेळी प्रेक्षकांच्या खुर्च्या रिकाम्या होत्या. अंतिम फेरीत अपेक्षेप्रमाणे शिमिझू आणि सांचेझ. दोघींनी एकच काता निवडला, 'चातान्यारा कुशांकू'. ओकिनावातल्या चातान गावच्या यारा या गुरूचं नाव त्यात आहे, आणि कुशांकू हे चीनहून ओकिनावात आलेल्या एका दूताचं नाव मानलं जातं. लांबलचक, झेपा आणि एकदम खाली बसण्याच्या जागांनी भरलेला हा काता आहे. त्यात दम लपवता येत नाही.

एकाच बंदिशीवर दोघी. शिमिझूला 27.88 गुण मिळाले, सांद्राला 28.06. फरक 0.18. कराटेच्या इतिहासातलं पहिलं ऑलिम्पिक सुवर्ण चाळिशीला सव्वा महिना उरलेल्या स्त्रीच्या गळ्यात पडलं. हाँगकाँगची ग्रेस लाउ आणि इटलीची विवियाना बोत्तारो यांना कांस्य मिळालं. शिमिझूचे डोळे भरून आले होते, ते साहजिकच होतं; कराटेच्या मायदेशात, आपल्या घरच्या सभागृहात, 0.18ने हुकलेलं सुवर्ण. तिच्याबद्दलही आम्हांला तितकाच आदर वाटतो. ती समोर नसती तर सांद्राला 28 गुणांच्या पुढे जाण्याची गरजच पडली नसती.

एवढ्यावर कुणीही थांबलं असतं. सांद्रा थांबली नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये दुबईत जपानच्या हिकारू ओनोला हरवून ती दुसऱ्यांदा जागतिक विजेती झाली. 2022 साली तुर्कस्तानातल्या गाझियानतेपला तिने सातवं युरोपीय सुवर्ण घेतलं, आणि जुलैमध्ये अमेरिकेतल्या बर्मिंगहॅम इथल्या वर्ल्ड गेम्समध्ये सुवर्णपदक घेऊन स्पर्धांचा निरोप घेतला.

पॅरिसला 2024 साली ठरल्याप्रमाणे कराटे नव्हतं. 2028च्या लॉस एंजेलिसच्या यादीत क्रिकेट आलं, याचा आपल्याकडे केवढा आनंद झाला! त्या यादीतही कराटे नाही. स्त्रियांच्या काताचं ऑलिम्पिक सुवर्ण आजवर एकच दिलं गेलं आहे, आणि ते तालावेराच्या मुलीकडे आहे.