दिनविशेष : २१ ऑगस्ट – विया आर्टमाने

लाटव्हियाच्या रंगभूमीची आणि पडद्याची सम्राज्ञी विया आर्टमाने यांचा आज जन्मदिन. १९२९ साली कैवे गावात त्या जन्मल्या; मूळ नाव अलिदा. वडील त्यांच्या जन्माआधीच वारले. आईने कष्टाने वाढवले आणि कोवळ्या वयात अलिदाला गुरे राखावी लागली. रीगात आल्यावर ‘विया’ हे नाव घेऊन त्यांनी दिग्दर्शक एदुआर्द्स स्मिल्गिस यांच्या दाइले नाट्यगृहात अभिनयाचे धडे गिरवले. १९४९ पासून जवळपास अर्धशतक तीच त्यांची कर्मभूमी राहिली.

१९६३ च्या ‘रद्नाया क्रोव’ या चित्रपटाने त्या सोव्हिएत संघात घराघरांत पोहोचल्या. युद्धकाळात नदीवरच्या फेरीबोटीवर राबणारी, तीन लेकरांची आई सोन्या त्यांनी साकारली. १९६९ मध्ये त्यांना ‘सोव्हिएत संघाची लोककलावंत’ हा कलाक्षेत्रातला सर्वोच्च किताब मिळाला.

मुकुटमणी ठरला १९७८ चा ‘तेआत्रिस’. सॉमरसेट मॉम यांच्या कादंबरीवरील, यानिस स्ट्रेइच्स दिग्दर्शित या चित्रपटात त्या नटी जुलिया लॅम्बर्ट झाल्या. तरुण प्रियकर दुरावलेली जुलिया अखेर पहिल्याच प्रयोगात नवख्या प्रतिस्पर्धी नटीला रंगमंचावर झाकोळून टाकते. पन्नाशीच्या उंबरठ्यावरच्या वियांनी त्या विजयात स्वतःचे सारे नाट्यजीवन ओतले.

लाटव्हियाच्या स्वातंत्र्यानंतर रीगातले राहते घर सोडून त्या मुर्यानी गावातल्या छोट्या घरात राहिल्या. ११ ऑक्टोबर २००८ रोजी त्यांचे निधन झाले. गुराखी पोरीचा हा प्रवास आजही थक्क करतो.