देसाईगंजचा कागद

देसाईगंज तेव्हा चंद्रपूर जिल्ह्यात होतं. तारीख २६ मार्च १९७२. एक आदिवासी मजूर पोरगी, आईबाप नसलेली, डॉक्टरच्या अंदाजानं चौदा ते सोळा वर्षांची. तिला पळवून नेल्याची फिर्याद भावानं दिलेली, म्हणून सगळ्यांना रात्री ठाण्यात बोलावलं. जबान्या झाल्या. साडेदहाच्या सुमाराला सगळे निघाले, तर दोघा पोलिसांनी तिला मागं ठेवलं, बाकीच्यांना बाहेर काढलं. ठाण्यातच एकानं बलात्कार केला, ही तिची फिर्याद. दुसऱ्या पोलिसानं अंगाला हात घातला, हीसुद्धा. तिचं नाव मी लिहीत नाही. ते बरंच चघळून झालंय.

आता पुरावा काय होता? तिची जबानी. बाहेर थांबलेल्यांच्या साक्षी. तिच्या आणि पोलिसाच्या कपड्यांवरचे वीर्याचे डाग. आणि डॉक्टरचा कागद, तोही दुसऱ्या दिवशी रात्री आठच्या तपासणीचा : अंगावर जखम नाही, आणि शरीरसंबंध जुना.

हाच पुरावा तीन कोर्टांनी वाचला.

१ जून १९७४. सेशन कोर्ट म्हणालं, पोरगी खोटारडी आहे, तिला संबंधांची सवय आहे, जे झालं ते राजीखुशीनं झालं. दोघंही निर्दोष.

१२ ऑक्टोबर १९७६. हायकोर्टाचं नागपूर खंडपीठ म्हणालं, पोलीस तिच्या ओळखीचेसुद्धा नव्हते, ती कशाला आपणहून तयार होईल? लाचारीनं गप्प पडून राहणं म्हणजे संमती नव्हे. एकाला पाच वर्षं, दुसऱ्याला एक वर्ष सक्तमजुरी.

१५ सप्टेंबर १९७८. सुप्रीम कोर्ट म्हणालं, अंगावर जखम नाही, म्हणजे तिनं प्रतिकार केलाच नाही. ओरडल्याचं सांगते ते खोटं. जिवाची किंवा इजेची भीती सिद्ध झाली नाही. दोघंही सुटले.

दोस्तांनो, मधल्या सहा वर्षांत पुराव्यात काही बदललं का? नाही. अपिलाचं काम फोल्डिंग खात्यासारखं असतं. तिथं कापड तपासतात, विणत नाहीत. अपील कोर्ट सहसा साक्षीदाराचं तोंड बघत नाही, खालच्या कोर्टात लिहिलेलं वाचतं. १९३४ साली प्रिव्ही कौन्सिलनं शिवस्वरूपच्या खटल्यात नियम घालून दिला : सुटकेवरच्या अपिलात सगळा पुरावा पुन्हा तोलता येईल, पण साक्षीदार ज्यानं डोळ्यांनी पाहिला त्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्यायचं आणि संशयाचा फायदा आरोपीला द्यायचा. हा नियम वाईट नाही. खोट्या केसात अडकवलेली आपलीच पोरं त्याच्याच जोरावर सुटतात.

मग घोळ कुठं झाला? तिन्ही कोर्टांत एक साक्षीदार हजर होता, ज्याचं नाव कागदावर नव्हतं. बाई अशा वेळी कशी वागते, याबद्दलची न्यायाधीशाची स्वतःची समजूत. खरी असती तर ओरडली असती, ओरबाडलं असतं. ही साक्ष कुणी शपथेवर दिली? तिची उलटतपासणी कुणी घेतली? रात्री, बंद दाराआड, खाकी वर्दीपुढं मजुराची पोरगी किती ओरडते, हे ज्यानं कधी पाहिलंच नाही त्याची समजूत पुरावा ठरली.

ही उलटतपासणी शेवटी कोर्टाबाहेर झाली. उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर यांनी १६ सप्टेंबर १९७९ ला सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. शरण जाणं आणि संमती देणं यात फरक आहे की नाही, असं सरळ विचारलं. १९८० साली बायका रस्त्यावर उतरल्या. १९८३ साली कायदा बदलला : ठाण्यासारख्या ताब्यातल्या जागी संबंध सिद्ध झाला आणि बाईनं कोर्टात 'माझी संमती नव्हती' असं सांगितलं, तर कोर्टानं तसंच धरून चालायचं. १९९६ साली गुरमित सिंगच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानंच म्हटलं, विश्वासार्ह असेल तर तिची एकटीची साक्ष पुरते. तिचं चारित्र्य काढायची मुभा देणारं कलम २००२ च्या दुरुस्तीनं गेलं. अंगानं प्रतिकार केला नाही एवढ्यावरून संमती धरू नये, हे २०१३ साली कायद्यात लिहिलं गेलं. ताब्यातल्या बलात्काराचं ते गृहीतक १ जुलै २०२४ पासून साक्ष अधिनियमाच्या १२० व्या कलमात आहे.

त्या पोरीला यातलं काही मिळालं नाही. कायदा मागं चालत नाही.

म्हणून ठाण्यात बाईबरोबर जाणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं. वरच्या कोर्टात जे वाचलं जाईल, त्याची सुरुवात पहिल्या रात्रीच होते. ती सांगेल तेच तिच्या शब्दांत लिहून घ्यायला लावा. केस भक्कम व्हावी म्हणून 'ओरडली, झटापट केली' असं पदरचं घालू नका. तो एक शब्द टिकला नाही तर वरच्या कोर्टात तिची सगळी जबानी खोटी ठरवतात. ती गप्प राहिली असेल तर गप्प राहिली असं लिहा, आणि का, तेही लिहा. डॉक्टरची तपासणी उद्यावर टाकू देऊ नका. कपडे धुऊ देऊ नका. फिर्यादीची नक्कल फुकट मिळते, ती हातात घेतल्याशिवाय ठाण्याची पायरी उतरू नका.