आरंभबिंदू कोणता?

एखादे स्थळ पृथ्वीवर नेमके कुठे आहे, हा प्रश्न वरकरणी भूगोलाचा. पण प्रशासनात तोच हक्काचा प्रश्न होतो. शेताची हद्द, वनक्षेत्राची सीमा, खाणीचा पट्टा यांचा निवाडा आता अक्षांश-रेखांशांच्या आकड्यांवर येऊन ठेपतो. हे आकडे म्हणजे निरपेक्ष सत्य, असे आपण गृहीत धरतो. ते तसे नाही, हे सांगणारा इतिहास जबलपूरपासून फार दूर नाही.

विल्यम लॅम्ब्टन यांनी १८०२ मध्ये मद्रासजवळ पायारेषा मोजून त्रिकोणमितीय सर्वेक्षण आरंभिले. उत्तरेकडे सरकत असता १८२३ मध्ये हिंगणघाट येथे त्यांचा अंत झाला. त्यांची समाधी आजही तिथे आहे. पुढे जॉर्ज एव्हरेस्ट यांनी सिरोंजजवळील कल्याणपूर हे केंद्र निवडले. जबलपूरहून सरळ रेषेत सुमारे अडीचशे किलोमीटरवरचे हे ठिकाण भारतीय नकाशांचा आरंभबिंदू ठरले. पृथ्वीचा एक गणिती आकार कल्पून तो या बिंदूपाशी देशाला जोडला गेला आणि इतर स्थळांची स्थाने त्यावरून काढली गेली.

मात्र कल्याणपूर व मुजफ्फरनगरजवळील कलियाना यांच्या अक्षांशांतील अंतर ताऱ्यांवरून एक आणि त्रिकोणांवरून दुसरे येई. फरक अवघा ५.२३६ विकलांचा. हिमालय ओळंब्याला आपल्याकडे ओढतो, हे कारण उघड होते. पण कलकत्त्याचे आर्चडीकन प्रॅट यांनी गणित केले, तेव्हा ही ओढ जवळजवळ तिप्पट भासायला हवी होती. १८५५ मध्ये जॉर्ज एअरी यांनी उलगडा सुचविला: पर्वतांची हलक्या खडकांची मुळे खाली खोलवर रुतलेली असतात.

याच एअरींच्या ग्रीनिचमधील दुर्बिणीवरून जाणारी रेषा १८८४ मध्ये जगाचे शून्य रेखावृत्त म्हणून स्वीकारली गेली. उपग्रहांची शून्यरेषा आज तिच्या पूर्वेस सुमारे १०२ मीटरवरून जाते. कारण तेच, ओळंब्याचे कलणे. मंगळावर तर समुद्र नाही, राजधानी नाही. तिथे शून्य रेखांशासाठी एक लहानसे विवर निवडले गेले, त्याचे नाव ‘एअरी-०’. ग्रह कोणताही असो, आरंभ माणसालाच ठरवावा लागतो.

जबलपुरात भारतीय सर्वेक्षण विभागाचे कार्यालय आहे. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणाने जनतेसाठीचे नकाशे जागतिक ‘डब्ल्यूजीएस-८४’ प्रणालीवर आणले. त्याआधीचे नकाशे एव्हरेस्ट प्रणालीवरचे. जबलपूर परिसरात या दोहोंतील फरक शंभर मीटरांहून अधिक भरतो. जुन्या नकाशावरील आकडे उपग्रहयंत्रात जसेच्या तसे घातले, तर एकाचे शेत दुसऱ्याच्या शेतात जाऊन पडेल. चूक मोजणाऱ्याची नसेल, यंत्राचीही नसेल. तरी नुकसान खरे असेल.

पटवाऱ्याची जुनी साखळी गावातल्या कायम दगडापासून मोजू लागे आणि तो दगड शेतकऱ्याला ठाऊक असे. उपग्रहाचा आरंभबिंदू त्याला दिसत नाही. म्हणून आदेशात, सातबारात वा खसऱ्यात निर्देशांक लिहिताना ते कोणत्या प्रणालीतले आहेत, ही एक ओळ लिहिणे हे अधिकाऱ्याचे कर्तव्य ठरते. कल्याणपूरच्या निरीक्षकांनी पाच विकलांचा फरकही लपविला नाही. आपण शंभर मीटरांचा फरक अनुल्लेखित कसा ठेवावा?