खाऱ्या तळ्याकाठचं नाचघर

ठिबक सिंचन, बॉयलरची सुरक्षितता, हात कसे धुवावेत, असल्या माहितीपटांवर माझा संसार झाला. त्यामुळे हर्क हार्वी मला आमच्याच बिरादरीतला वाटतो. अमेरिकेत कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावी सेंट्रॉन नावाची कंपनी शाळा-कारखान्यांसाठी फिल्म्स करायची. हा तिथला पगारी दिग्दर्शक. आयुष्यात त्यानं एकच कथापट केला, 1962 चा ‘कार्निव्हल ऑफ सोल्स’, आणि तो भयपट निघाला.

आधी जागा सापडली, कथा मागाहून आली. कॅलिफोर्नियाहून गाडीनं घरी परतताना सॉल्ट लेक सिटीजवळ हार्वीला सॉल्टएअर दिसलं. 1893 मध्ये ग्रेट सॉल्ट लेकच्या पाण्यात खांबांवर उभारलेलं, घुमटांचं सहलीचं ठिकाण. शहरातून आगगाडी भरभरून माणसं तिथे पोहायला, नाचायला यायची. 1925 मध्ये ते जळालं, पुन्हा बांधलं. मग तळ्याचं पाणीच मागे सरलं आणि खांब कोरडे पडले. 1958 मध्ये कुलूप लागलं. सेंट्रॉनमधल्याच जॉन क्लिफर्डला हार्वीनं सांगितलं, बाकी काय हवं ते लिही, शेवटी या नाचघरात भुतं नाचली पाहिजेत.

सुमारे 33,000 डॉलर, नोकरीतून काढलेली तीन आठवड्यांची रजा आणि हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी माणसं. सेट उभारणं परवडणारच नव्हतं. नायिका चर्चमध्ये ऑर्गन वाजवते, आणि पाइप ऑर्गनचा कारखाना लॉरेन्समध्येच होता. मग चित्रण तिथेच. जीन मूरचं पार्श्वसंगीतही फक्त ऑर्गनचं. चेहऱ्याला पांढरा रंग फासून नायिकेचा पाठलाग करणारा माणूस म्हणजे खुद्द हार्वी. (तो जरा जास्तच वेळा डोकावतो, हे माझं मत.)

खरी भीती मात्र भरदिवसा, कपड्यांच्या दुकानात आहे. ती नवा झगा घालून बघते आणि एकाएकी भोवतालचा आवाज बंद. विक्रेती तिच्याकडे बघत नाही, तिचं बोलणं कुणाला ऐकू जात नाही. रस्त्यावर गाड्या मुक्या धावतात. बागेत पक्षी बोलतो, तेव्हा कुठे जग परत सुरू होतं. आमच्या धंद्यात चित्रावर आवाज नंतर चढवायची सवय असते. तो काही मिनिटं न चढवणं म्हणजे फुकटात मिळालेलं भूत. स्टुडिओत वाढलेल्या दिग्दर्शकाला ही काटकसर सुचली असती असं मला वाटत नाही.

पैसा मिळाला नाही. वितरक बुडाला, प्रतींवर हक्काची नोंदच नसल्यानं अमेरिकेत चित्रपट बेवारस झाला आणि रात्री-अपरात्री टीव्हीवर फिरत राहिला. त्यातूनच चाहते जमले. 1989 मध्ये तो थिएटरांत परत लागला, ते बघायला हार्वी हयात होता. सॉल्टएअरची ती इमारत 1970 मध्ये पुन्हा जळाली.

चित्रपट इंटरनेटवर सहज मिळतो. एकट्यानं बघा. दुकानातला प्रसंग आला की आवाज वाढवायला जाऊ नका. तुमच्या मशीनमध्ये बिघाड नाही.