नोकरी परत मिळाली, नियमही बदलला

बदलापूरच्या कात्रपहून अंबरनाथला कामावर जाणाऱ्यांना विमको नाका माहीत असतो. आगपेट्या बनवणाऱ्या विमकोचा कारखाना इथे होता. याच कंपनीच्या बरेलीच्या कारखान्यातल्या एका कामगाराचा खटला सुप्रीम कोर्टापर्यंत गेला, आणि कारखान्याच्या नियमांपुढे मालकाची ताकद किती, हे देशभरासाठी ठरलं.

नियमांवरचं भांडण त्याहून जुनं. 1928 साली मुंबईच्या सुमारे दीड लाख गिरणी कामगारांनी सहा महिने संप केला. पगारकपातीइतकाच राग मालकांनी पुढे केलेल्या नियमावलीवरही होता. सरकारने नेमलेल्या फॉसेट समितीने तिची कलमवार तपासणी केली. गिरणीचे नियम बाहेरच्या कुणी तपासावेत, ही गोष्टच तेव्हा नवी होती. 1938 च्या मुंबई प्रांताच्या कायद्यात असे नियम ‘स्थायी आदेश’ म्हणून आले; 1946 साली देशासाठी कायदा झाला. मात्र नियम न्याय्य आहे की नाही, हे तपासण्याचा अधिकार स्थायी आदेशांना मंजुरी देणाऱ्या सरकारी अधिकाऱ्याला 1956 पर्यंत नव्हता. तो मिळाला, तेव्हाच नियम बदलून मागण्याचा हक्क कामगारालाही मिळाला.

मुंबईतल्या एका औषध कंपनीत लग्न झालं की बाईची नोकरी संपे. युनियन लढली आणि 1965 साली सुप्रीम कोर्टाने तो नियम रद्द केला.

विमकोच्या खटल्यात स्थायी आदेशांप्रमाणे प्रोबेशन दोन महिन्यांचं होतं. कंपनीने नेमणूकपत्रात सहा महिने लिहिले, कामगाराने सही केली आणि पुढे त्याला काढून टाकलं. त्याला परत घेण्याच्या आदेशाविरुद्ध कंपनी वर गेली. 1973 साली कोर्टाने सांगितलं, की स्थायी आदेशांच्या विरोधातला खासगी करार टिकत नाही. पोटासाठी दारात उभ्या असलेल्या माणसाची सही म्हणजे त्याची राजीखुशी नव्हे, हे कायद्याने मानलं.

पण मंजूर झालेला नियमही अन्याय करू शकतो. हरियाणातल्या एका कारखान्यात आठ दिवसांहून जास्त विनापरवाना गैरहजर राहिलं, की नोकरी आपोआप जाई. 1993 साली कोर्टाने बजावलं, की चौकशी केल्याशिवाय, बाजू ऐकल्याशिवाय कुणाची रोजीरोटी काढता येणार नाही. कामगार निम्म्या मागील पगारासह परत कामावर आला.

हे खटले वर्षानुवर्षं चालतात, तोवर चूल कशी पेटायची? म्हणून 1982 च्या दुरुस्तीने औद्योगिक विवाद कायद्यात 17-ब कलम आलं. कामावर घेण्याच्या आदेशाला मालकाने वरच्या कोर्टात आव्हान दिलं, आणि कामगाराला दुसरीकडे नोकरी नसली, तर निकालापर्यंत शेवटचा पगार देणं मालकावर बंधनकारक झालं.

आता या वाटेवर मोठा खड्डा पडला आहे. स्थायी आदेश पूर्वी शंभर कामगारांच्या कारखान्याला लागू होत. महाराष्ट्राने ती मर्यादा पन्नासवर आणली होती. 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेत ती तीनशे आहे. अंबरनाथ-बदलापूरच्या एमआयडीसीतल्या छोट्या कारखान्यांच्या कामगारांसाठी हे नुकसान मोठं आहे. ही मर्यादा खाली आणण्याची मागणी युनियननी लावून धरली पाहिजे. आणि कामगारांनो, नेमणूकपत्राची प्रत मागून घ्या, वाचा, घरात जपून ठेवा. कोर्टात पहिला पुरावा तोच असतो.