शब्दवेध : भुयार

नाशिकमध्ये मुंबई-आग्रा महामार्गाखालून इंदिरानगरात शिरणारी वाट सरकारी भाषेत भुयारी मार्ग. रिक्षावाल्याला मात्र ‘इंदिरानगर बोगदा’ सांगा, बरोब्बर तिथेच नेईल. कसारा घाटात रेल्वे शिरते तोही बोगदाच. दोन्ही शब्द मला प्रिय, पण आज भुयाराविषयी.

मूळ संस्कृत ‘भूमिगृह’, म्हणजे जमिनीखालची खोली. प्राकृतात ‘गृह’चं ‘घर’ झालं, मग नुसतं ‘हर’ उरलं. ‘भूमिहर’ तोंडातोंडी झिजत ‘भुयार’ झालं. गुजरातीतलं ‘भोंयरुं’ त्याचंच भावंड. आधी खोली होती. वाट हा अर्थ नंतरचा.

‘भुयारी मार्ग’ हा मात्र कारभारातला शब्द, आणि कारभाराला शब्द पुरवणं हे आपल्याकडे राज्याचंच काम मानलं गेलं. शिवाजी महाराजांनी ‘राज्यव्यवहारकोश’ करवून घेतला, फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा. ६ जुलै १९६० रोजी भाषा संचालनालय स्थापन झालं, १९६२मध्ये ‘पदनाम कोश’ आला. या कामाबद्दल मला मनापासून आदर आहे. तरी कोशकारांनी लोकांच्या तोंडी असलेला शब्द आधी उचलावा, नवा नंतर घडवावा. ‘भुयारी मार्ग’मधलं भुयार असंच उचललेलं आहे, म्हणून त्याचा अर्थ विचारावा लागत नाही.